कबुलीजबाब आणि काळीज : भंडारा जिल्ह्यातील एका खटल्याची कथा

भंडारा जिल्ह्यात वैनगंगेच्या काठी वसलेले पवनी हे गाव इतिहासाच्या अभ्यासकांस अपरिचित नाही. गावाभोवतीचा जुना तट, तटाचा भव्य दरवाजा आणि पायऱ्यापायऱ्यांनी नदीत उतरणारे घाट पाहून येथे एके काळी मोठे नगर नांदत होते, हे कोणाही प्रवाशाच्या सहज ध्यानात येते. परंतु ते नगर किती जुने, याचे उत्तर मात्र तटाकडे पाहून मिळाले नाही. ते 1969-70 साली नागपूर विद्यापीठ आणि भारतीय पुरातत्त्व खाते यांनी मिळून केलेल्या उत्खननात मिळाले. जगन्नाथाची टेकडी म्हणून लोक जिला ओळखत, तिच्या पोटात एक विस्तीर्ण बौद्ध स्तूप दडलेला आढळला. कठड्याच्या दगडी खांबांवर ब्राह्मी लिपीत दान देणाऱ्यांची नावे कोरलेली सापडली. आणि पवनीचा इतिहास दोन हजार वर्षांहूनही मागे गेला.

उत्खनन करणारांचा एक कडक नियम असतो. मातीचे थर एकाखाली एक पसरलेले असतात, आणि प्रत्येक थरातील वस्तू त्या थराच्या नावे वेगळी ठेवावी लागते. उंदराच्या बिळातून किंवा खड्ड्यातून वरच्या थरातील एखादे नाणे खालच्या थरात घसरले आणि ते तेथलेच म्हणून धरले गेले, तर सगळा कालनिर्णय चुकतो. नाणे खोटे नसते. खोटी असते ती त्याची जागा. म्हणून शहाणा संशोधक कितीही आकर्षक वस्तू हाती आली तरी प्रथम विचारतो, ही कोठून आली, आणि हिला वगळले तर बाकीचा थर काय सांगतो?

न्यायाधीशाचे काम याहून फारसे निराळे नाही. त्यालाही घडून गेलेली, स्वतः न पाहिलेली गोष्ट उरलेल्या खुणांवरून उभी करावयाची असते. भेद इतकाच की संशोधकाची चूक पुढच्या पिढीतील दुसरा संशोधक दुरुस्त करतो. न्यायाधीशाच्या चुकीने मनुष्य फासावर गेला, तर ती चूक दुरुस्त करण्यास कोणतेही उत्खनन उपयोगी पडत नाही. ज्या भंडारा जिल्ह्यात पवनी आहे, त्याच जिल्ह्यातून विसाव्या शतकाच्या मध्यास एक खटला दिल्लीपर्यंत गेला, आणि पुराव्याचे थर कसे वेगळे ठेवावेत याचा धडा त्याने साऱ्या हिंदुस्थानच्या न्यायालयांस घालून दिला. ‘काश्मीरा सिंग विरुद्ध मध्यप्रदेश राज्य’ या नावाने तो कायद्याच्या प्रत्येक विद्यार्थ्यास ठाऊक आहे; पण तो आपल्या धानाच्या मुलखातील आहे, हे भंडाऱ्यातील पुष्कळांस ठाऊक नसेल. म्हणून त्याची कथा येथे सांगण्याचे योजिले आहे.

प्रथम थोडा भूगोल आणि थोडे राज्यकारण सांगितले पाहिजे. घटना गोंदियाची. आज गोंदिया हा स्वतंत्र जिल्हा आहे. परंतु तो 1 मे 1999 रोजी झाला. त्यापूर्वी गोंदिया भंडारा जिल्ह्यात मोडत असे. खटल्याच्या नावात मध्यप्रदेश हे नाव पाहून वाचकांनी गोंधळून जाऊ नये. मध्यप्रांत व वऱ्हाड या जुन्या प्रांतास 26 जानेवारी 1950 पासून मध्यप्रदेश म्हणू लागले, त्याची राजधानी नागपूर होती, आणि 1956 साली विदर्भ मुंबई राज्यात येईपर्यंत भंडारा जिल्हा त्याच राज्यात होता. या भागातील फाशीच्या खटल्यांवर अखेरचा विचार करणारे प्रांतिक न्यायालय म्हणजे 1936 साली स्थापन झालेले नागपूरचे उच्च न्यायालय.

तो काळ धान्यटंचाईचा होता. दुसऱ्या महायुद्धात सुरू झालेली रेशनिंगची आणि धान्यवसुलीची व्यवस्था स्वातंत्र्यानंतरही चालू होती. भंडारा हा तळ्यांचा आणि धानाचा जिल्हा, तेव्हा तेथे सरकारी नजर तांदळावर असणे ओघाने आलेच. गिरणीत तांदळास अधिक झिलई दिली म्हणजे दाणा पांढराशुभ्र दिसतो, बाजारात त्यास भाव येतो. पण वरचा पौष्टिक कोंडा निघून जातो आणि वजनही घटते. ज्या दिवसांत मूठमूठ धान्य मोजून वाटावे लागत होते, त्या दिवसांत अशी झिलई देणे कायद्याने मना होते. हातसडीच्या तांदळाची चव जाणणाऱ्या आजच्या वाचकास ह्या बंदीचे हसू येईल. पण त्या काळी तिच्या उल्लंघनाने माणसाची नोकरी जात असे.

तशी ती एकाची गेली. सदर इसम गोंदियास साहाय्यक धान्यवसुली निरीक्षक होता. जुलै 1949 मध्ये तेथील अन्नधान्य अधिकाऱ्याने त्यास एका गिरणीत तांदळास झिलई देववीत असताना पाहिले आणि भंडाऱ्याच्या डेप्युटी कमिशनरकडे तसे कळविले. निरीक्षक निलंबित झाला. पुढे त्याची नोकरीच संपुष्टात आणण्यात आली, आणि तो हुकूम नोव्हेंबरात त्याच्या हाती पडला. याचा सूड घेईन, असे तो बोलताना लोकांनी ऐकले होते, असे फिर्यादी पक्षाचे म्हणणे होते.

26 डिसेंबर 1949 रोजी गोंदियाच्या गुरुद्वारात दिवसभर उत्सव चालला होता. त्या अन्नधान्य अधिकाऱ्याचा पाच वर्षांचा मुलगा सकाळी तेथे होता. फिर्यादी पक्षाची कथा अशी की, मुलास फूस लावून तेथून निरीक्षकाच्या भावाच्या घरी नेण्यात आले आणि निरीक्षकाने दुसऱ्या एका इसमाच्या साहाय्याने त्याचा अत्यंत निर्घृण रीतीने वध केला. प्रेत अंथरुणाच्या वळकटीत गुंडाळून दुपारपासून संध्याकाळपर्यंत त्याच घरात ठेवले. सातच्या सुमारास ते त्या साथीदाराने डोक्यावर घेऊन गुरुद्वाराजवळच्या चौकीदाराच्या झोपडीत नेले. आणि मध्यरात्रीच्या सुमारास एका रिक्षावाल्यास बोलावून ती वळकटी रिक्षातून एका विहिरीपाशी नेली व विहिरीत टाकून दिली. त्या कृत्याचे अधिक वर्णन येथे करीत नाही. ते कायद्याच्या ग्रंथांत आहे, आणि वाचून कोणाचेही भले होण्यासारखे नाही.

खटला चौघांवर झाला : निरीक्षक, त्याचा भाऊ, भावाचा अकरा वर्षांचा मुलगा आणि तो साथीदार. भाऊ व पुतण्या निर्दोष सुटले. साथीदाराने मॅजिस्ट्रेटपुढे कबुलीजबाब दिला होता. त्यात त्याने स्वतःस गोवले आणि निरीक्षकासही गोवले. त्यास फाशीची शिक्षा झाली. तो सर्वोच्च न्यायालयात गेला नाही. निरीक्षकासही फाशीचीच शिक्षा झाली, आणि नागपूरच्या उच्च न्यायालयानेही त्यास खुनी ठरविले.

येथे क्षणभर थांबून वाचकांनी स्वतःच्या मनाची परीक्षा घ्यावी. पाच वर्षांचे निरागस मूल, बापावरचा राग पोरावर काढणारा अधम, उत्सवाचा दिवस, वळकटी, विहीर, मध्यरात्र. हे ऐकून कोणाचे काळीज पेटणार नाही? आणि एकदा काळीज पेटले, म्हणजे ‘याला सोडता कामा नये’ हा उद्गार तोंडून निघण्यापूर्वी ‘हाच तो कशावरून?’ हा प्रश्न किती जणांच्या मनात येईल? जितका गुन्हा भयंकर, तितका पुरावा थोडा पुरे वाटतो. कोंबडी चोरल्याचा आरोप असेल तर आपण चार साक्षीदार मागतो. मूल मारल्याचा आरोप असेल तर एकाच्या बोटाकडे पाहून दगड उचलतो. वस्तुतः हिशेब नेमका उलट असावयास पाहिजे, कारण तेथे शिक्षाही परत न घेता येणारी असते. साप म्हणून भुई धोपटणे ही म्हण आपण हसत हसत वापरतो. पण त्या भुईच्या जागी माणूस असेल तर ती हसण्याची गोष्ट राहत नाही.

आणखी एक योगायोग इतिहासाच्या दृष्टीने लक्षात घेण्यासारखा आहे. हा खून दोन राजवटींच्या सांध्यावर झाला. हिंदुस्थानातील खटल्यांवरील शेवटचा शब्द तोवर लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलचा असे. त्या कौन्सिलचा हा अधिकार ऑक्टोबर 1949 मध्ये रद्द करण्यात आला. गोंदियाचे मूल मारले गेले ते डिसेंबरात. आणि 26 जानेवारी 1950 रोजी राज्यघटना अमलात येऊन सर्वोच्च न्यायालय अस्तित्वात आले. फाशीच्या शिक्षेविरुद्ध निरीक्षकाने विशेष परवानगीने अपील केले ते ह्या नव्या न्यायालयापुढे. त्याला अजून स्वतःची इमारत नव्हती. संसद भवनातील नरेंद्रमंडळाच्या दालनात ते भरत असे. फौजदारी न्यायात आपली वाट कोणती असणार, हे त्याला त्या पहिल्या वर्षांत ठरवावयाचे होते.

4 मार्च 1952 रोजी अपिलाचा निकाल लागला. न्यायासनावर दोघे होते : न्यायमूर्ती सय्यद फजल अली आणि न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस. निकालपत्र बोस यांनी लिहिले. हे बोस आपल्या विदर्भास परके नव्हेत. नागपूर विद्यापीठाचे पहिले कुलगुरू सर बिपिन कृष्ण बोस यांचे ते नातू. केंब्रिजला शिकून, बॅरिस्टर होऊन ते नागपुरास वकिली करू लागले. तेथील विद्यापीठाच्या विधि महाविद्यालयाचे ते काही वर्षे प्राचार्य होते. 1936 साली नागपूरच्या उच्च न्यायालयात न्यायाधीश झाले, आणि 1949 ते 1951 या काळात त्याचे मुख्य न्यायाधीश होते. म्हणजे ज्या न्यायालयाचा निर्णय ते तपासीत होते, त्याचे प्रमुखपद त्यांनी सोडून पुरते एक वर्षच झाले होते. तेव्हा गोंदियाचे रस्ते, भंडाऱ्याची कचेरी आणि नागपूरची न्यायदानाची पद्धत दिल्लीस बसलेल्या ह्या न्यायाधीशास केवळ कागदावरून समजून घ्यावयाची नव्हती.

निकालपत्राच्या आरंभीच बोस यांनी जी सूचना दिली, ती पुढील सर्व विवेचनाचा पाया आहे. खून विशेष क्रूर आणि किळसवाणा आहे, हे त्यांनी लपविले नाही. पण त्याच कारणाकरिता पुराव्याची तपासणी नेहमीपेक्षा अधिक काळजीने केली पाहिजे, असे त्यांनी बजाविले. कृत्याच्या भयंकरपणाने मनात जी सहज उसळी येते, ती निर्विकार विचाराच्या आड येऊ नये, हे त्यांचे म्हणणे. वर जो उलटा हिशेब आम्ही सांगितला, तो असा देशाच्या सर्वोच्च न्यायासनावरून मांडला गेला.

आता मुख्य प्रश्न. एका आरोपीने दिलेला कबुलीजबाब दुसऱ्या आरोपीविरुद्ध कितपत वापरता येतो? 1872 च्या पुराव्याच्या कायद्याचे तिसावे कलम असे होते की, एकाच गुन्ह्याबद्दल अनेकांवर एकत्र खटला चालू असताना त्यांपैकी एकाने स्वतःस व इतरांस गोवणारी कबुली दिली आणि ती सिद्ध झाली, तर न्यायालय ती इतरांविरुद्धही ‘विचारात घेऊ शकते’. हे शब्द मोठे फसवे आहेत. विचारात घेणे म्हणजे किती घेणे? तिच्यावर इमारत उभारावी, की उभ्या असलेल्या इमारतीस तिचा टेकू द्यावा?

असल्या कबुलीतले वैगुण्य उघड आहे. साक्षीदार शपथ घेऊन बोलतो. कबुली देणारा सहआरोपी शपथेवर बोलत नाही. साक्षीदार आरोपीच्या समोर बोलतो. कबुलीच्या वेळी दुसरा आरोपी समोर नसतो. साक्षीदाराची उलटतपासणी होते, आणि खोट्याचा बुरखा बहुधा तेथेच फाटतो. कबुली देणाऱ्यास दुसऱ्या आरोपीचा वकील एक प्रश्नही विचारू शकत नाही. माफीचा साक्षीदार हा स्वतः गुन्ह्यात सामील असल्याने संशयास्पद. तरी त्यालाही पिंजऱ्यात उभे राहून उत्तरे द्यावी लागतात. सहआरोपीची कबुली याहूनही दुबळी. शिवाय माणूस स्वतः बुडताना आपला वाटा हलका करून दुसऱ्याचा जड का करतो, हे समजण्यास कायद्याचे ज्ञान लागत नाही. तो अगदी पूर्ण खोटे बोलेल असेही नाही. धर्मराजाचे ‘नरो वा कुंजरो वा’ हे वाक्य अक्षरशः खरेच होते. तरी त्याने द्रोणाचा घात केला.

हा विचार बोस यांनी नव्याने शोधून काढला नव्हता, आणि तसा दावाही त्यांनी केला नाही. 1911 साली कलकत्त्यास सर लॉरेन्स जेंकिन्स यांनी म्हटले होते की, सहआरोपीच्या कबुलीचा उपयोग इतर पुराव्यास बळकटी आणण्यापुरताच होय. हे जेंकिन्स त्यापूर्वी मुंबईच्या उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश होते. 1949 साली ओरिसातील एका खुनाच्या खटल्यात प्रिव्ही कौन्सिलने सहआरोपीची कबुली हा फारच दुबळ्या प्रकारचा पुरावा आहे असे ठरवून शिक्षा रद्द करण्याची शिफारस केली. तो निकाल लिहिणारे सर जॉन ब्यूमाँट हेही पूर्वी मुंबईचेच मुख्य न्यायाधीश. राज्य बदलले, ध्वज बदलला, शेवटचे न्यायालय लंडनहून दिल्लीस आले; पण ही एक चांगली परंपरा बोस यांनी टाकून न देता पुढे नेली. परकीय राजवटीतील सर्वच गोष्टी फेकण्याजोग्या नव्हत्या, हे त्या उत्साहाच्या दिवसांत ओळखणे हाही एक विवेकच होता.

बोस यांचे खरे कार्य असे की, त्यांनी ह्या तत्त्वाचे रूपांतर एका कामाच्या पद्धतीत केले. त्यांनी सांगितलेला क्रम असा : प्रथम कबुलीजबाब पूर्णपणे बाजूला ठेवा. जणू तो दिलाच गेला नाही, असे समजून उरलेला सर्व पुरावा एकत्र मांडा. तो खरा मानला तर तेवढ्यावर दोषी ठरविता येईल काय, हे पहा. येत असेल आणि तुमचा त्यावर विश्वास बसत असेल, तर कबुलीची गरजच नाही. परंतु एखादे वेळी असे होईल की, बाकीचा पुरावा खरा मानल्यास पुरेसा आहे, पण त्यावर एकट्यावर विसंबण्यास मन धजत नाही. अशा वेळीच, आणि एवढ्यापुरतीच, कबुलीची मदत घ्या. पण बाकीचा पुरावा मुळातच अपुरा असेल, तर कबुलीने ते भोक बुजवू नका.

वरवर पाहता यात केवळ आधी काय आणि मागून काय एवढाच फरक दिसतो. कोणी म्हणेल, शेवटी सगळेच वाचावयाचे, मग अगोदर काय वाचले याने काय बिघडते? बिघडते ते असे. कबुलीजबाब ही एक पूर्ण गोष्ट असते. तिला आरंभ असतो, मध्य असतो, शेवट असतो. ती प्रथम वाचली म्हणजे मनात चित्र पक्के होते, आणि मग बाकीचा प्रत्येक तुकडा त्या चित्रात आपोआप जाऊन बसतो. निरीक्षक रागावून बोलला होता? अर्थात, त्याने कट केला होता ना! तो त्या साथीदाराबरोबर दिसला? दिसणारच! वास्तविक रागावून बोलणारे शंभर असतात आणि खून करणारा त्यांत एकही नसतो. धूर दिसला म्हणजे अग्नी आहे असे अनुमान करताना आपले नैयायिक ‘जेथे जेथे धूर तेथे तेथे अग्नी’ ही व्याप्ती आधी सिद्ध करावयास सांगत. ‘जेथे जेथे राग तेथे तेथे खून’ अशी व्याप्ती कोणी सिद्ध केली आहे? कबुली आधी वाचणारास हा प्रश्न सुचत नाही, कारण तिने अग्नी अगोदरच दाखविलेला असतो. म्हणजे कबुलीचे नाणे वरच्या थरातून घसरून प्रत्येक साक्षीच्या थरात जाऊन बसते, आणि एका दुबळ्या पुराव्याचे दहा बळकट पुरावे झाल्याचा भास होतो. बोस यांच्या पद्धतीने हे बीळच बुजविले जाते.

ती पद्धत लावून त्यांनी गोंदियाचा पुरावा पाहिला. कबुली दूर ठेवल्यावर निरीक्षकाविरुद्ध काय उरले? त्याला राग येण्याचे कारण होते. प्रेताची विल्हेवाट लावण्यात त्याचा हात होता, हे कबुलीवाचूनही न्यायालयास पटले. पण प्रेत हलविणे एक आणि जीव घेणे दुसरे. त्या घरात दुपारपूर्वी काय झाले, मुलाच्या अंगावर हात कोणाचा पडला, ह्या प्रश्नापाशी येताच उरलेला पुरावा थांबत होता. तेथून पुढे बोट धरून नेत होती ती केवळ साथीदाराची कबुली. आणि जे भोक बुजविण्यास तिला मनाई होती, ते नेमके हेच भोक. तेव्हा न्यायालयाने खुनाबद्दलची शिक्षा रद्द केली, फाशी टळली, आणि गुन्ह्याचा पुरावा नाहीसा केल्याबद्दल दंडसंहितेच्या 201 व्या कलमाखाली त्यास सात वर्षांची सक्तमजुरी दिली.

ह्या निकालाने कोणाचे समाधान झाले असेल? मुलाच्या आईबापांचे खचितच नाही. त्यांच्या दृष्टीने पाहिले तर, ज्याने आपल्या लेकराचे प्रेत मध्यरात्री विहिरीत टाकण्यास हात लावला तो जिवंत राहिला, एवढेच सत्य उरते. आणि त्या सत्यास कोणत्याही कलमाचे उत्तर नाही. निरीक्षकास साधुपुरुष ठरवून सोडले, असेही नाही. ‘याने खून केला नाही’ असे न्यायालय म्हणाले नाही, ‘याने खून केला हे सिद्ध झाले नाही’ एवढेच म्हणाले. सत्य काय होते, हे त्या घराच्या भिंतींस ठाऊक. वाचकांतील कोणी विचारील, तर मग तांत्रिक बारकाव्यापायी एक खुनी सुटला असेल त्याचे काय? प्रश्न रास्त आहे आणि त्यास टाळून चालणार नाही. सुटला असेल. परंतु हा बारकावा तांत्रिक नाही. उद्या तुमचा भाऊ किंवा मुलगा अशाच एखाद्या भयंकर गुन्ह्यात संशयित म्हणून धरला गेला, आणि त्याच्याविरुद्ध एवढेच निघाले की त्याचे कोणाशी वैर होते व फाशीच्या छायेत उभ्या असलेल्या एकाने त्याचे नाव घेतले, तर तेवढ्यावर त्याला फासावर चढवावे, असे तुम्ही म्हणाल काय? नियम एकच असतो; तो अधमासाठी निराळा आणि आपल्या माणसासाठी निराळा करता येत नाही. अधमास जो दरवाजा बंद करावा, तोच निरपराध्यासही बंद होतो.

बोस यांच्या निकालाचा पुढील इतिहास थोडक्यात सांगतो. 1964 साली बिहारातील एका दरोडा व खुनाच्या खटल्यात हाच प्रश्न पाच न्यायाधीशांच्या पीठापुढे आला. त्या वेळी सरन्यायाधीश होते साताऱ्याचे प्रल्हाद बाळाचार्य गजेंद्रगडकर. सहआरोपीच्या कबुलीपासून आरंभ करावयाचा नाही, इतर पुराव्यापासून करावयाचा, हे त्यांनी पुनश्च निःसंदिग्ध शब्दांत सांगितले आणि फाशीची शिक्षा झालेल्या दोघांना मुक्त केले. 1872 चा कायदा जाऊन 1 जुलै 2024 पासून भारतीय साक्ष अधिनियम अमलात आला. जुने तिसावे कलम त्यात चोविसावे झाले. कलमाचा आकडा बदलला, परंतु त्याचा अर्थ लावताना वकील आजही गोंदियाच्याच खटल्याकडे वळतात.

पण नियम ग्रंथात असणे आणि तो प्रत्येक वेळी पाळला जाणे ह्यांत अंतर आहे. याचे एक विदारक उदाहरण आपल्याच महाराष्ट्रातील आहे. जून 2003 मध्ये दरोडा, खून आणि स्त्रियांवर अत्याचार असा एक अमानुष प्रकार घडला. भटक्या जमातीतील सहा गरीब माणसे पकडली गेली. खालच्या न्यायालयाने सहाही जणांस फाशी दिली. उच्च न्यायालयाने तिघांची फाशी कमी केली. तर 2009 साली सर्वोच्च न्यायालयानेच सहाही जणांना फाशी कायम करून दिली. पुढे पुनर्विचार झाला, तेव्हा असे आढळले की, घटनेतून वाचलेल्या साक्षीदाराने प्रथम पोलिसांनी दाखविलेल्या छायाचित्रांतून दुसऱ्याच चौघांना ओळखले होते, आणि ती गोष्ट दडवून ठेवली गेली होती. 5 मार्च 2019 रोजी न्यायमूर्ती सिक्री, नझीर आणि शहा यांनी सहाही जणांस निर्दोष सोडले आणि प्रत्येकास पाच लाख रुपये भरपाई देण्यास राज्यास सांगितले. त्यांतील एक तर गुन्ह्याच्या वेळी अल्पवयीन होता. सोळा वर्षे गेली; फाशीची अंमलबजावणी झाली नाही, एवढेच सुदैव. येथे कबुलीजबाबाचा नव्हे, ओळखीचा प्रश्न होता; पण चुकीचे मूळ तेच. गुन्हा इतका भयंकर होता की ‘हेच ते कशावरून?’ हा प्रश्न विचारण्याची घाई कोणास राहिली नाही. आणि ज्यांनी खरोखर ते कृत्य केले, ते मोकळेच राहिले. खोट्या पुराव्यावर शिक्षा देण्यात मृतांस न्याय मिळतो, हा समज किती पोकळ आहे, हे याहून स्पष्ट दिसणार नाही.

येथे आम्हांस न्यायालयांपेक्षा घरांविषयी अधिक बोलावेसे वाटते. न्यायाधीश वर्षातून काही खटले चालवितो. आपण ते रोज चालवितो. सकाळचे वर्तमानपत्र उघडले की ओसरीवर, चहाच्या पेल्यापाशी, खटला उभा राहतो, साक्षी होतात आणि अर्ध्या घटकेत निकाल लागतो. कोणी कबुली दिल्याचे पोलिसांनी सांगितले असे छापून आले, की अपिलालाही जागा उरत नाही. पोलिसांपुढे दिलेली कबुली न्यायालयात पुरावा म्हणून ग्राह्यच नसते, हा दीडशे वर्षांचा नियम आपल्यापैकी किती जण ध्यानात ठेवतात? आणि ओसरीवरचे हे निकाल निरुपद्रवी नसतात. त्यांचाच वारा पोलिसांच्या, वकिलांच्या, साक्षीदारांच्या अंगास लागतो. न्यायाधीशही त्याच गावात राहत असतो.

पवनीच्या टेकडीवर आज उभे राहिले तर खणलेला स्तूप दिसतो, आणि दूर धानाच्या बांध्या व वैनगंगेचे पात्र. ती माती खणणारांनी एकेक थर वेगळा ठेवला, म्हणून तिचे म्हणणे आपल्यास ऐकू आले. त्याच जिल्ह्यातील एका पाच वर्षांच्या मुलाच्या मृत्यूने न्यायालयांस तेच शिकविले. त्या मुलास पूर्ण न्याय मिळाला, असे म्हणण्याचे धैर्य आमच्यात नाही. परंतु त्याच्या नावावर कोणी केवळ दुसऱ्याच्या शब्दावरून फासावर गेला नाही, आणि त्याच्या खटल्यातून निघालेल्या नियमाने पुढे कित्येकांचे प्राण अशा शब्दांपासून राखले. काळीज पेटणे हा माणुसकीचा धर्म आहे. ते पेटले असतानाही कबुलीचा कागद बाजूस सारून आधी बाकीचे सगळे वाचणे हा न्यायाचा धर्म आहे. दोन्ही पाळता आले पाहिजेत.